पिवळा पाना

ताईच्या पिशवीतून दोन गजराची घड्याळं निघाली, एकाच कुलपाच्या चार किल्ल्या निघाल्या, एक विजेरी, तीन पेनं आणि चष्म्याच्या दोन डब्या. एका डबीत चष्मा होता. दुसरीत चिठ्ठी होती: चष्मा दुसऱ्या डबीत आहे. फोन पिशवीत नव्हता, हातातच होता, आणि त्यात गॅसच्या शेगडीचे सत्तेचाळीस फोटो होते. सगळे एकसारखे. चार बटणं, चारही उभी, म्हणजे चारही बंद.

"हे कशाला गं?" धाकटीने विचारलं.

"घराबाहेर पडल्यावर बघते. बंद केला होता की नाही ते."

"मग एक फोटो पुरे की. सत्तेचाळीस कशाला?"

"तो कालचा असला तर?"

धाकटीला हसू आलं नाही. ती गाड्या दुरुस्त करायची. खाली गॅरेज आणि वर दोन खोल्या असा तिचा संसार होता, आणि मोजमापाची उपकरणं कशी बिघडतात हे तिला चांगलं ठाऊक होतं. काही आपटून बिघडतात. काहींचं कोणीतरी शून्य सरकवतं, रोज केसभर, आणि मग ते उपकरण प्रामाणिकपणे चुकीचं सांगत राहतं. ताईचं डोकं आपटलेलं नव्हतं. आई गेल्यावर याच ताईने धाकटीला पाढे शिकवले होते, आणि स्वयंपाकघरातल्या डब्यांत काय किती उरलंय हे ती न उघडता सांगायची. तिचं शून्य सरकवलं होतं ते दाजींनी.

दाजी गाद्या विकायचे. हॉटेलं, वसतिगृहं, दवाखाने, जिथे माणसं परक्या अंथरुणावर झोपतात तिथे दाजींची गाडी पोचायची. गोड माणूस. बोलण्यात साय. एकच खोड होती, त्यांची चूक कधीच नसायची. दूध त्यांच्या हातून उतू गेलं तर ताईने आच मोठी ठेवलेली असायची. किल्ली त्यांच्या खिशात सापडली तर ताईने ती तिथे ठेवलेली असायची. "मी असं म्हटलंच नव्हतं, राणी," ते इतक्या मायेने म्हणायचे की ऐकणाऱ्याला ताईचीच कीव यायची. एकदा त्यांनी स्वतः धाकटीला फोन करून सांगितलं होतं, गुरुवारी जेवायला येतो. गुरुवारी ती ताटं मांडून बसली. शुक्रवारी दोघं उगवली, आणि दारातच ताई म्हणाली, "माफ कर गं, माझाच घोळ झाला. हे शुक्रवार म्हणाले होते." धाकटीने गुरुवार स्वतःच्या कानांनी ऐकला होता. पण पाहुणे दारात, ताटं गरम करायची, कशाला वाद, जाऊ दे. ते 'जाऊ दे' तिला अजून बोचत होतं.

आता दाजींनी ताईला 'डोक्याला जरा विश्रांती' म्हणून इथे पाठवलं होतं. महिनाअखेरीच्या रविवारी ते न्यायला येणार होते. नंतर डॉक्टर आणि गोळ्या. ताईला ते सगळं मान्य होतं. तेच वाईट होतं.

दाजी रविवारच्या कितीतरी आधीच आले, पण ताईसाठी नाही. गाडीच्या डॅशबोर्डवर पिवळा पाना पेटला होता.

"मेव्हणीबाई, सर्व्हिसिंगचा दिवा लागलाय. बघतेस का? बाहेर लुटतात गं लोक."

"आणा की आत. घरच्या गाडीची पावती कसली नि पैसे कसले."

पैसे नाहीत म्हटल्यावर दाजींचा चेहरा नव्या गादीसारखा फुगला. ते बाकावर बसले आणि शेजारी गाडीचा पत्रा ठोकणाऱ्या रंगाऱ्याला ताईच्या गोष्टी सांगू लागले. रंगारी धाकटीच्याच शेडमध्ये एका कोपऱ्यात डेंटिंग-पेंटिंग करायचा. वयस्क, मिश्कील, ऐकायला सदैव तयार.

"परवाची गंमत सांगू? गॅस चालू ठेवून बाई बाजारात. नशीब मी घरी होतो."

"अरे बाप रे," रंगारी म्हणाला. "मग चहा कोणी ठेवला होता?"

"मी. म्हणजे मी ठेवला होता, पण बंद करायला तिला सांगितलं होतं ना!"

गाडीखाली उभ्या धाकटीने हे ऐकलं. जुनं ऑइल भांड्यात पडत होतं, काळं आणि पातळ. तिने ड्रेनचा नट पुसला, नवा वायसर घातला, फिल्टर बदलला, ऑइल भरलं, दांडी काढून पातळी बघितली. सगळं चोख. कामात ती कधी हात आखडता घेत नसे, मग गिऱ्हाईक कोणीही असो. शेवटी तिने गाडीच्या संगणकाला स्कॅनर जोडला. दिवा घालवायचा तर स्कॅनर आधी एक प्रश्न विचारतो: पुढची आठवण किती किलोमीटरनंतर? तिथे पंधरा हजार हा आकडा आधीच लिहिलेला असतो. बहुतेक लोक नुसतं 'ठीक' दाबतात.

धाकटीचा अंगठा बटणावर थांबला. बाकावरून आवाज येत होता, "बिचारी. तिची काही चूक नाही हो, तिला वाटतं तसंच झालं म्हणून."

तिने आकडा खाली आणत आणत एक हजारावर नेला. त्याच्याखाली तो जात नव्हता, नाहीतर तिने तो आणखी खाली नेला असता. ठीक दाबलं. पिवळा पाना गेला.

"झालं, दाजी. निर्धास्त फिरा."

हजार किलोमीटर म्हणजे दाजींना फार तर आठवडाभराचं फिरणं. पुढच्याच आठवड्यात ते परत दारात.

"अगं, दिवा पुन्हा लागला! आत्ताच तर करून नेलं सर्व्हिसिंग."

धाकटी एका इंजिनात कोपरापर्यंत हात घालून उभी होती. तिने मान वर केली आणि चेहऱ्यावर जेवढी माया आणता येईल तेवढी आणली. त्यासाठी तिला फार लांब जावं लागलं नाही. नमुना समोरच उभा होता.

"सर्व्हिसिंग? कधी हो?"

"मागच्या आठवड्यात! मी इथे बाकावर बसलो होतो."

"बसला होतात की. चहाही घेतलात. पण तुम्ही टायरमध्ये हवा भरून गेलात, दाजी. मी म्हटलं सर्व्हिसिंग करू का, तर म्हणालात घाई आहे."

"छे! काहीतरीच काय?"

"पावती असेल तर बघा बरं खिशात."

दाजींचा हात खिशाकडे गेला आणि वाटेतच थांबला. घरच्या गाडीची पावती कसली.

"बरं, मीटरचा आकडा आठवतो का तेव्हाचा?" तिने विचारलं.

"चाळीस हजार... आठशे? की एकेचाळीस?"

"असू दे, असू दे." तिने हात पुसत पुसत अगदी हळू आवाजात म्हटलं, "कामाचा ताण असला की होतं असं. तुमची चूक नाही. तुम्हाला वाटतं तसंच झालं म्हणून."

दाजींनी तिच्याकडे बघितलं. हे वाक्य आपण कुठेतरी ऐकलंय असं त्यांच्या कपाळावर उमटलं, पण कुठे, ते काही सापडलं नाही. तिने गाडी लिफ्टवर घेतली, जरा वेळ वर टांगून ठेवली, एक फडकं इकडून तिकडे फिरवलं आणि खाली घेतली. ऑइल तर नवंकोरं होतं. स्कॅनर जोडला. एक हजार. ठीक.

ते गेल्यावर रंगारी ब्रश पुसत जवळ आला.

"पोरी, मी म्हातारा झालोय, बहिरा नाही. मागच्या खेपेला तू त्या गाडीचं ऑइल काढलंस. माझ्या डोळ्यांसमोर."

"हो."

"मग आता हे काय?"

"औषध देतेय. त्यांच्याच बाटलीतलं."

रंगारी मिशीत हसला. "काट्याने काटा काढतेस होय? काढ. पण काटा काढताना पाय कोणाचा आहे ते बघ."

ती त्या रात्री फार शांत झोपली. तिला दाजींचं नुकसान नको होतं, पैसे नको होते, गाडी बंद पडायला नको होती. तिला त्यांच्या तोंडून फक्त एक वाक्य हवं होतं, आणि ते ताईच्या समोर हवं होतं: माझंच चुकलं असेल. इतक्या वर्षांत ताईने ते एकदाही ऐकलं नव्हतं. एकदा ऐकलं की तिला कळेल, विसरणारा माणूस घरात दुसराही असू शकतो. मग ती डॉक्टरकडे जाणार नाही. सूड म्हणा, इलाज म्हणा, धाकटीच्या हिशेबात दोन्ही एकाच नटाने आवळलेले होते.

इकडे ताई गॅरेजात रुळायला लागली. आधी ती नुसती चहा घेऊन खाली यायची. मग पाने मापाप्रमाणे लावून ठेवू लागली. मग एके दिवशी धाकटी गाडीखालून ओरडली, "ताई, तेरा!" आणि हातात न चुकता तेराचा पाना आला. वर कुलूप लावून आल्यावर ती पूर्वी तीनदा जिना चढायची, आता एकदाच चढायची. फोटोही कमी झाले. एका दुपारी दोघी भाजी घेऊन परत येत होत्या. जिन्यात ताई एकदम थांबली आणि म्हणाली, "अगं, मी आज गॅस बघायलाच विसरले." आणि मग तिलाच ऐकू आलं आपण काय बोललो ते. दोघी जिन्यातच पायरीवर बसून हसल्या. गॅस बंदच होता.

दाजींचं मात्र उलट चाललं होतं. त्यांचे फोन यायला लागले. "मेव्हणीबाई, मी मागे आलो होतो तो मंगळवार ना?" ती म्हणायची, "बुधवार, दाजी." एकदा म्हणाले, एका वसतिगृहात गाद्या पोचवून आलो आणि दुसऱ्या दिवशी पुन्हा तेवढ्याच गाद्या घेऊन तिथेच गेलो, लोक हसले. एकदा म्हणाले, हल्ली गाडीला कुलूप लावलं की दहा पावलं जाऊन मागे येतो. आवाजातली साय कमी झाली होती, खाली पाणी दिसत होतं. धाकटी फोन ठेवायची आणि शीळ घालत कामाला लागायची.

तिसऱ्यांदा पाना पेटला तेव्हा ते थकलेले दिसले. या वेळी धाकटीने गोष्ट बदलली. म्हणाली, मागच्या वेळी गाडी लिफ्टवर घेतली होती खरी, पण तुम्हाला फोन आला आणि तुम्ही काम अर्धवट सोडून निघालात. दाजींनी वादच घातला नाही. "असेल," एवढंच म्हणाले आणि कोपऱ्यावर पान-सिगारेट शोधायला गेले. 'असेल' म्हणजे जवळजवळ आलंच ते वाक्य. फक्त ताई तेव्हा वर होती.

ती खाली आली तेव्हा धाकटी स्कॅनर जोडत होती.

"ताई, जरा आत बस ना. किल्ली एक टप्पा फिरव. इंजिन चालू नको करू."

ताई चालकाच्या जागेवर बसली. स्वतःच्याच गाडीच्या. दाजींनी तिचं चालवणं बंद केल्याला बराच काळ लोटला होता. तिने किल्ली फिरवली. डॅशबोर्डवर दिवे लागले, एकेक करून गेले, पिवळा पाना तेवढा राहिला. धाकटीने बाहेरून ठीक दाबलं.

"गेला!" ताई आतून ओरडली. लहान मुलीसारखी. "गेला गं, पाना गेला!"

"गेला ना? शाब्बास."

महिनाअखेरीचा रविवार आला. ताईची पिशवी भरलेली होती आणि बाकावर ठेवलेली होती. ती जाणार म्हणत होती. "किती दिवस तुझ्याकडे राहू? आणि आता बरं वाटतंय, गोळ्याही लवकर लागू पडतील." धाकटीने मनातल्या मनात किलोमीटर जुळवले होते. रविवारपर्यंत हजार व्हायला हवेत.

झाले होते. दाजी गाडीतून उतरले ते ताईकडे न बघता थेट धाकटीकडे आले. दाढी वाढलेली, सदऱ्याचं एक बटण चुकीच्या काजात.

"पेटला," ते म्हणाले. "परत पेटला. आता तू म्हणशील मागच्या वेळी काही झालंच नाही."

"झालं ना. पण दिवा गेला नव्हता. सुटा भाग मागवावा लागेल म्हटलं होतं मी. तुम्ही म्हणालात, राहू दे, तसाच नेतो."

"दिवा पेटलेला असताना मी गाडी नेली?"

"हो."

"इतके दिवस मी... नाही. तो दिसत नव्हता. की दिसत होता?" त्यांनी दोन्ही हातांनी डोकं धरलं. पत्रा ठोकण्याचा आवाज थांबला होता. रंगाऱ्याचा हातोडा हवेत राहिला होता. "मला काही कळेनासं झालंय. माझंच काहीतरी..."

धाकटीने श्वास रोखला. ताई बाकावर होती, चार हातांवर. तिला ऐकू येत होतं. आता, फक्त दोन शब्द राहिलेत.

"थांब," दाजी म्हणाले आणि वळले. "ही होती ना इथे? मी परत आलो तेव्हा हीच बसली होती गाडीत. राणी, तू सांग. तू सांग बरं. दिवा गेला होता की नाही?"

ताई उभी राहिली. इतक्या वर्षांत नवऱ्याने तिला पहिल्यांदाच साक्ष विचारली होती. ती ताठ झाली आणि स्वच्छ आवाजात म्हणाली, "गेला होता. मी स्वतः पाहिला."

"नाही गं ताई," धाकटी म्हणाली.

ते तिच्या तोंडातून इतक्या सहज निघालं की तिलाच ते दुसऱ्या कोणाचं तरी वाटलं. वाक्य हातातोंडाशी आलेलं, निसटायला नको, एवढंच तिला दिसत होतं. "तो गेला नव्हता. बाकीचे दिवे गेले, ते तू पाहिलेस. तुला वाटलं पाना गेला."

"मी ओरडले होते. गेला म्हणून. तू शाब्बास म्हणालीस."

"मी असं म्हटलंच नव्हतं."

ताईचा हात आपोआप फोनकडे गेला. ती फोटो सरकवू लागली, एक, दोन, तीन, भराभर.

"फोटो काढलास का त्याचा?" धाकटीने विचारलं.

"नाही." ताईने फोन खाली केला. "तू होतीस ना तिथे. म्हणून नाही काढला."

मग दाजींच्या छातीतून एक लांब उसासा बाहेर पडला, सुटकेचा. त्यांचे खांदे सैल झाले. चेहऱ्यावर साय परत आली.

"अच्छा," ते म्हणाले. "म्हणजे तुझ्याशीही असंच करते का ही? बघितलंस ना, मी काय म्हणत होतो ते? माझ्यावरही हिच्या नादाने भ्रमिष्ट व्हायची वेळ आली. चल राणी, पिशवी घे. डॉक्टर बरं करतील."

आणि ताईने पिशवी घेतली. वाद नाही, रडणं नाही. तिने पिशवीचा खिसा चाचपला, आत चार किल्ल्या आहेत का बघितलं, मग परत चाचपला.

धाकटीने ते दुसरं चाचपणं पाहिलं. महिनाभर तिने दाजींच्या कपाळावरच्या आठ्या चवीने मोजल्या होत्या. त्या सगळ्या आता पुसल्या गेल्या होत्या आणि त्यांचा सगळा भार आयता ताईच्या हातांत जाऊन पडला होता. आणि तो तिनेच दिला होता. आता गप्प राहिलं तर दाजी जिंकतात. बोललं तर सूड संपतो, आणि वर आपणही उघडे पडतो.

"पिशवी ठेव, ताई," ती म्हणाली. "तू बरोबर पाहिलंस. पाना गेला होता. तू ओरडलीस आणि मी शाब्बास म्हणाले. मी आत्ता खोटं बोलले."

"आता हे काय नवीन?" दाजी म्हणाले.

धाकटीने स्कॅनर आणला, जोडला, किल्ली फिरवली, मागच्या खेपेची नोंद काढली आणि पडदा त्यांच्या नाकासमोर धरला. "वाचा. पुढची आठवण किती किलोमीटरनंतर? एक हजार. खरी पंधरा हजार असते. तीनही वेळा मीच घातला हा आकडा. पहिल्या खेपेला तुमचं ऑइल बदललं होतं, फिल्टर बदलला होता. तुम्ही हवा भरायला आला नव्हतात. तुम्हाला फोन आला नव्हता. मंगळवार तो मंगळवारच होता."

दाजींचा चेहरा आधी पांढरा झाला, मग लाल. "मला वेडं ठरवायला निघाली होतीस? घरच्या माणसाला? अगं, मी झोपलो नाही रात्र रात्र! माणसाने स्वतःच्या डोळ्यांवर विश्वास ठेवायचा की नाही?"

"हेच," धाकटी म्हणाली. "अगदी हेच. हे तिला विचारा. तुम्हाला एकच महिना झालाय, दाजी. आणि गुरुवार, तो गुरुवारच होता. फोनवर मी होते."

"कुठला गुरुवार?"

"बघा, आठवतही नाही."

"चोराच्या उलट्या बोंबा! खोटं तू बोललीस, पकडली तू गेलीस, आणि दोष माझा?"

"माझाही आहे. मी कबूल केला. आता तुमची पाळी."

रंगारी कोपऱ्यातून म्हणाला, "साहेब, दोन शब्दांचं काम आहे. जीभ झिजत नाही." दाजींनी त्याच्याकडे असं बघितलं की जणू बाकडंच बोललं असावं.

"चल," ते ताईला म्हणाले. "या बाईच्या घरात एक क्षण नको."

पण ताई बघत होती धाकटीकडे. धाकटीला वाटलं, आता ती येऊन मिठी मारेल, निदान डोळ्यांत पाणी तरी आणेल. तसं काही झालं नाही. ताईचे डोळे कोरडे होते आणि त्यांत जे होतं ते धाकटीने याआधी कधी पाहिलं नव्हतं. तो राग होता, आणि तो दोघांना सारखा वाटून दिलेला होता.

"तू पण," ती म्हणाली.

"ताई, मी तुझ्यासाठीच..."

"हेही तसंच म्हणतात. तुझ्या भल्यासाठी." तिने पिशवी खाली ठेवली. "म्हणजे पाना गेला होता. मी पाहिला तसाच. बरं. मग ही गाडी ब्रेक मारला की थरथरते, तेही खरं असेल."

"झालं सुरू!" दाजी म्हणाले. "अगं, किती वेळा सांगायचं? गाडी थरथरत नाही, तुझा पाय थरथरतो. म्हणून तर तुला चालवू देत नाही मी."

"मोठ्या रस्त्यावर वेगात असताना ब्रेक दाबला की स्टिअरिंग हातात हलतं. आधी थोडं, मग जास्त. मी दरवेळी सांगायचे."

धाकटीने ही गाडी महिन्याभरात तीनदा लिफ्टवर चढवली होती आणि एकदाही वेगात चालवून पाहिली नव्हती. तिला गाडीशी कर्तव्यच नव्हतं, आकड्याशी होतं. "थरथरत असणार, ताई," ती घाईघाईने म्हणाली. "तू म्हणतेस ना, मग नक्कीच..."

"तू बोलू नकोस." ताईने हात वर केला. "तुम्हीही नका बोलू. मला कोणाचंच ऐकायचं नाहीये. मोजायला काही असतं का तुझ्याकडे? ज्यात तुला काही म्हणायला लागत नाही असं?"

"डायल आहे."

"मग आण. आणि कसं वाचायचं ते सांग. वाचणार मी."

धाकटीने गाडीचा पुढचा भाग जॅकवर घेतला आणि दोन्ही चाकं उतरवली. दाजी "माझी गाडी आहे ही" म्हणत पुढे झाले, पण चाकं भिंतीला टेकून उभी होती आणि रंगारी त्यांना टेकून उभा होता. तीन चाकांवर गाडी जाऊ शकत नाही, आणि ही तर दोनच चाकांवर होती.

धाकटीने ब्रेकची डिस्क, म्हणजे चाकामागची लोखंडी तबकडी, फडक्याने पुसली, नट लावून ती चाक बसतं त्या हबवर घट्ट आवळली, शेजारी लोहचुंबकाचं बूड बसवलं आणि डायलचं टोक डिस्कच्या कडेजवळ टेकवलं. काटा शून्यावर आणला. मग दोन पावलं मागे सरली आणि हात पाठीमागे बांधले.

"एक घर म्हणजे मिलिमीटरचा शंभरावा भाग. डिस्क सरळ असेल तर फिरवताना काटा जागचा हलत नाही. पाच घरांपर्यंत चालतं. त्याच्यावर गेला तर डिस्क वाकडी आहे आणि गाडी थरथरते."

ताईने चष्मा लावला, जमिनीवर बसली आणि डावी डिस्क हाताने हळूहळू फिरवली. काटा किंचित हलला आणि परत आला.

"तीन," ती म्हणाली.

"बघितलंस?" दाजी म्हणाले. "तीन. आता तरी पटलं? चला, चाकं लावा."

ताईने वर बघितलंही नाही. "दुसरी," ती म्हणाली.

धाकटीने डायल उचलून उजवीकडे नेला. डिस्क पुसली, नट आवळले, टोक टेकवलं, काटा शून्यावर आणला आणि परत मागे सरली. दाजी वाकून बघू लागले. ताईने त्यांना कोपराने बाजूला केलं, कारण त्यांची सावली डायलवर पडत होती. मग तिने डिस्कवर बोटं ठेवली आणि फिरवायला लागली. काटा शून्यावरून निघाला. पाच ओलांडले, दहा ओलांडले. ताईचा हात थांबला नाही. डिस्कचा फेरा पूर्ण झाल्यावर तिने ती सोडली, काटा शून्यावर आल्याची खात्री केली आणि सगळा फेरा पुन्हा एकदा पहिल्यापासून घेतला.

"वाचलं का?" धाकटीने विचारलं.

"दोन्ही वेळा," ताई म्हणाली. "एकोणीस."